काच्चातोरा: कामाच्या दिवशी रात्रीचं इटालियन चिकन, गोव्यातल्या घरात

शागोती किंवा काफ्रेल ही गोव्याची चिकनं करणाऱ्या हाताला हे चिकन अवघड नाही, तरी पहिल्या खेपेला ते बहुतेक वेळा पांचट होतं. याचं कारण सवयीत आहे. आपल्या कालवणाची चव वाटणात असते. खोबरं, धणे, मिरी, खसखस भाजून वाटली की अर्धा स्वयंपाक झाला, पुढे चिकन त्यात नुसतं शिजायचं. काच्चातोरात वाटण नाही, आलं नाही, हळद नाही, तिखटही जवळजवळ नाही. त्याची चव भांड्याच्या बुडाला धरलेल्या खरवडीतून येते. चिकन तेलात खरपूस भाजताना बुडाला तपकिरी थर बसतो, तो पुढे वाईनमध्ये सुटतो आणि टोमॅटोच्या रसात मिसळतो. खरवड हेच इथलं वाटण. म्हणून या लेखात भाजण्यालाच सगळ्यात जास्त जागा दिली आहे. घाई असेल तर ती इतर कुठल्याही पायरीवर करा, तिथे करू नका.

नावाचं थोडक्यात: ‘काच्चातोरे’ म्हणजे शिकारी, आणि ‘पोल्लो आल्ला काच्चातोरा’ म्हणजे शिकाऱ्यांच्या पद्धतीची कोंबडी. इटलीत याचं एक ठरलेलं रूप नाही. कुठे मशरूम घालतात, कुठे ढोबळी मिरची. रोमच्या बाजूला टोमॅटो न घालता व्हिनेगर, लसूण आणि रोजमेरीवरच भागवतात. खाली टोमॅटोचं रूप सविस्तर दिलं आहे आणि शेवटी व्हिनेगरचं. घरात माडाचं व्हिनेगर असेल तर ते दुसरं रूपही जरूर करून बघा.

पहिल्यांदा करताना पावणेदोन तास धरा. त्यातली ४० मिनिटं भांडं आपलं आपण शिजत असतं. हात बसला की सव्वा ते दीड तासात होतं.

काय काय लागेल (चार माणसांसाठी)

- चिकनचे लेग पीस, मांडी आणि तंगडी धरून, हाडासकट: १ किलो
- मीठ: सपाट दीड चहाचा चमचा, म्हणजे साधारण ९ ग्रॅम
- जाडसर कुटलेली मिरी: अर्धा चमचा
- तेल: २ मोठे चमचे
- कांदे: २ मध्यम, साधारण २०० ग्रॅम
- गाजर: १, साधारण १०० ग्रॅम
- सेलरी: १ दांडा, मिळाली तर
- लसूण: आपल्याकडच्या बारीक ८ पाकळ्या
- बटण मशरूम: २०० ग्रॅम, आवडत असतील तर
- पिकलेले लाल टोमॅटो: ५०० ग्रॅम, किंवा सोललेल्या टोमॅटोचा ४०० ग्रॅमचा डबा
- टोमॅटो पेस्ट: १ मोठा चमचा
- ड्राय रेड किंवा ड्राय व्हाईट वाईन: १५० मिली
- पाणी किंवा चिकनचं पाणी (स्टॉक): अर्धी वाटी, लागेल तसं
- रोजमेरी: ताजी एक काडी किंवा सुकी अर्धा चमचा
- ऑलिव्ह: १५ ते २०
- शेवटी घालायला व्हिनेगर: १ चमचा

भांडं २८ ते ३० सेंटीमीटर रुंद, जाड बुडाचं आणि घट्ट झाकणाचं हवं. स्टीलचं किंवा आतून इनॅमल असलेलं उत्तम. नॉनस्टिकमध्ये चिकन नीट भाजलं जातं, पण बुडाला काही धरत नाही, आणि इथे नेमकं तेच हवं असतं. ॲल्युमिनियमचा टोप आणि नवी बिडाची कढई टाळा. टोमॅटो आणि वाईनची आंबटाई त्यांना लागते आणि रसाला धातूची चव येते. लांब चिमटा, सपाट टोकाचं लाकडी उलथनं आणि मोठ्या भोकांची किसणी एवढी हत्यारं पुरे.

१. चिकन आणताना काय सांगायचं

दुकानात नुसतं ‘एक किलो चिकन’ म्हटलं की करी कट मिळतो. बारीक तुकडे, त्यात छातीचे, पाठीचे, मानेचे सगळे मिसळलेले. या पदार्थाला ते चालत नाहीत. छातीचा तुकडा वीस मिनिटांत शिजतो आणि मांडीला चाळीस लागतात. दोन्ही एकत्र शिजवले की छाती कापसासारखी चोथट होते. ‘चार फुल लेग द्या, सांध्यावर दोन भाग करा, बारीक तोडू नका’ असं सांगा. आठ तुकडे होतात, माणशी दोन.

कातडी ठेवायला सांगायला विसरू नका. सांगितलं नाही तर बहुतेक ठिकाणी ती सोलूनच देतात. कातडीतून चरबी सुटते, त्यातच पुढे कांदा परततो, आणि खरवडही कातडीमुळेच चांगली धरते. स्किनलेस चिकन आणलंच असेल तर भाजण्याच्या आधी तुकड्यांना मैद्याचा अगदी हलका हात लावून जास्तीचा झटकून टाका. एक मोठा चमचा मैदा किलोभराला पुरतो. त्यानं तुकड्यांना पापुद्रा येतो आणि रसही थोडा दाट होतो.

पुष्कळ घरांत सोमवार आणि गुरुवार शिवराक, म्हणजे शाकाहारी, असतो, त्यामुळे हा बेत बुधवारी बसतो. मंगळवारी संध्याकाळी कामावरून येताना चिकन आणून मीठ लावून फ्रीजमध्ये ठेवलं की बुधवारी निम्मी धावपळ वाचते.

२. बाकीची खरेदी आणि चार सापळे

कांदा, गाजर, टोमॅटो फलोत्पादन महामंडळाच्या भाजीच्या गाड्यावर मिळतात. गोव्यातला हा माल बहुतेक बेळगावहून येतो आणि प्रवासासाठी टोमॅटो अर्धकच्चा काढलेला असतो. घट्ट, फिकट टोमॅटो आणलात तर दोन दिवस ओट्यावर बाहेर ठेवून लाल होऊ द्या, फ्रीजमध्ये नको. थंडीत त्याचं पिकणं थांबतं आणि वासही मरतो. इतका वेळ नसेल तर डब्यातला टोमॅटो घ्या. पावसाळ्यात जेव्हा टोमॅटो पाणचट येतो, तेव्हा तर डबाच बरा.

सगळ्यात मोठा सापळा वाईनचा आहे. गोव्यात दुकानात वाईन मागितली की पुष्कळदा पोर्ट वाईन पुढे येते. ती गोड असते. भांड्यात आटली की तिच्यातली साखर एकवटते आणि चिकन मुरंब्याकडे झुकतं. बाटलीवर ‘ड्राय’ लिहिलेली साधी टेबल वाईन घ्या. नाशिकच्या बाजूची स्वस्तातली रेड पुरते, महाग बाटलीचा इथे उपयोग नाही. फेणी घालायचा मोह होतो, पण काजूचा तो उग्र वास बाकी सगळ्यावर बसतो. उरलेली वाईन बर्फाच्या ट्रेमध्ये गोठवून ठेवा. चार-पाच खडे म्हणजे पुढच्या वेळची सोय.

वाईन नको असेल तर १२० मिली चिकनचं पाणी आणि एक मोठा चमचा माडाचं व्हिनेगर घ्या. ‘शिजताना दारू उडून जाते’ हे अर्धंच खरं आहे, थोडा अंश राहतो. ज्यांना तो अजिबात चालत नाही त्यांच्यासाठी सुरुवातीपासूनच हा पर्याय वापरा.

दुसरा सापळा तमालपत्राचा. इटालियन पाककृतीत ‘बे लीफ’ लिहिलेलं असतं आणि आपण डब्यातलं तमालपत्र टाकतो. ती दोन वेगळी झाडं. आपल्या तमालपत्राला देठापासून टोकाकडे जाणाऱ्या तीन ठळक शिरा असतात आणि वास दालचिनीच्या जवळ जातो. इटलीतल्या पानाला मधे एकच शीर असते. तमालपत्र घातलं की रसाला पुलावाचा वास येतो, म्हणून खरं पान मिळत नसेल तर काहीच घालू नका. रोजमेरी पुरेशी आहे.

सेलरी न मिळाल्यास तिच्या जागी ओवा घालू नका, गाजर थोडं वाढवा. आणि चव वाढवायला गोव्याचं चोरीस (डुकराच्या मांसाचं सॉसेज) घालू नका. त्यातलं व्हिनेगर आणि मिरची इतकी जोरकस असते की मग जेवायला काच्चातोरा उरत नाही, चोरीसाचं कालवण उरतं. ते छानच लागतं, पण तो वेगळा बेत झाला.

३. सकाळी पाच मिनिटं: मीठ लावणं

शक्यतो आदल्या रात्री, नाहीतर सकाळी कामाला निघण्याआधी चिकनला मीठ आणि मिरी सगळीकडून चोळा आणि ताटलीत कातडी वर करून, झाकण न ठेवता, फ्रीजच्या सगळ्यात खालच्या कप्प्यात ठेवा. मीठ आतवर मुरतं आणि फ्रीजच्या कोरड्या हवेत कातडी सुकते. दोन्ही गोष्टी रात्री उपयोगी पडतात. हळद-मीठ लावून धुवायची सवय असेल तर ती इथे सोडा. हळद तापलेल्या तेलात करपते आणि रस पिवळट, कडवट होतो. आलं-लसूण पेस्टही नको, ती तर चिकनच्या आधी जळते.

सकाळी जमलं नाही तर घरी आल्याबरोबर मीठ लावा आणि चिराचिरी होईपर्यंत बाहेर राहू द्या. अर्धा तासही काही नसण्यापेक्षा बरा.

४. भाजणं: इथे घाई नको

तव्यात टाकण्याआधी प्रत्येक तुकडा कागदी रुमालानं किंवा स्वच्छ फडक्यानं टिपून कोरडा करा. याच कामाचा कंटाळा केला जातो आणि त्यानंच पदार्थ बिघडतो. कातडीवर पाणी असेल तोवर भांड्याची सगळी उष्णता त्याची वाफ करण्यात जाते. पाणी १०० अंशांच्या वर तापत नाही, आणि खरपूस रंग यायला त्याहून बरीच जास्त उष्णता लागते. ओलं चिकन भाजलं जात नाही, ते उकडतं.

भांडं मध्यम-मोठ्या आचेवर दोन मिनिटं तापवा. मग दोन चमचे तेल घाला. साधं सूर्यफुलाचं तेल चालतं. चांगलं ऑलिव्ह ऑइल असेल तर ते शेवटी वरून घालायला ठेवा. तेल हलवलं की पाण्यासारखं पळू लागलं म्हणजे तयार झालं. एक तुकडा टेकवून बघा. लगेच जोरात चरचरलं पाहिजे. नुसता फुसफुस आवाज आला तर उचला आणि अजून थांबा.

तुकडे कातडी खाली करून ठेवा, दोन तुकड्यांत बोटभर अंतर राहील असे. आठ तुकडे एका वेळी बसत नाहीत, चार-चार करा. दाटी केली की भांडं थंड पडतं, पाणी सुटतं आणि पुन्हा उकडणं सुरू होतं. मग सात-आठ मिनिटं हात लावू नका. मधेच ओढून बघितलं तर कातडी बुडाला चिकटून फाटते. नीट भाजली की ती आपण होऊन सुटते. चिमट्यानं हलकेच उचला. अडकली तर अजून मिनिटभर राहू द्या. रंग नारळाच्या सोडणासारखा तपकिरी आला की पालटा आणि दुसरी बाजू तीन-चार मिनिटं भाजा. आतून चिकन कच्चंच असतं, तसंच असू द्या. काढून ताटात ठेवा. ताटात जमणारा रस फेकू नका, तो नंतर भांड्यात जाणार आहे.

पहिल्या आणि दुसऱ्या घाण्याच्या मधे बुडाकडे बघा. तपकिरी थर हवा आहे. काळपट दिसू लागला तर लगेच आच कमी करा आणि चमचाभर पाणी घालून तो भाग सोडवून घ्या. आणि खरोखरच काळा झाला असेल तर दया न दाखवता भांडं धुवा आणि नव्या तेलात कांदा परता. करपलेली खरवड वाईननं किंवा साखरेनं सुधारत नाही, सगळा रस कडू करते.

मशरूम घालणार असाल तर ते याच चरबीत, चिकन काढल्यावर, मोठ्या आचेवर पाच-सहा मिनिटं परता. आधी पाणी सोडतात, मग ते आटून कडा तांबूस होतात. वेगळे काढून ठेवा.

५. कांदा आणि गाजर

भांड्यात दोन चमचे चरबी ठेवून बाकीची काढा. आच मंद करा. बारीक चिरलेला कांदा, गाजर, सेलरी आणि चिमूटभर मीठ घालून आठ ते दहा मिनिटं परता. कांद्याला सुटणाऱ्या पाण्यानं खरवड थोडी सैल होईल, उलथन्यानं खरवडत राहा. शागोतीसारखा कांदा लाल करायचा नाही. मऊ आणि पारदर्शक झाला की बस. मग पातळ कापलेली लसूण आणि रोजमेरी, एक मिनिट. मग टोमॅटो पेस्ट, आणखी एक मिनिट, तिचा रंग गडद होईपर्यंत.

६. वाईन

आता आच वाढवा, वाईन ओता आणि सपाट उलथन्यानं बुडाचा कानाकोपरा खरवडून काढा. इंच न इंच सुटला पाहिजे. तीन-चार मिनिटांत वाईन निम्मी आटते. वेळेपेक्षा नाकावर भरवसा ठेवा. भांड्यावर वाकून वास घ्या. नाकाला झिणझिणलं तर अजून आटू द्या. टोमॅटो घालण्याच्या आधी हे आटणं झालं नाही, तर तो कच्चा वास शेवटपर्यंत जात नाही.

७. टोमॅटो आणि मंद आच

टोमॅटो आडवे अर्धे कापून कापलेली बाजू किसणीवर घासा. गर खाली पडतो आणि साल हातात राहते. उकळत्या पाण्यात टाकून सोलत बसायला नको. गर भांड्यात घाला, एक उकळी येऊ द्या, मग चिकनचे तुकडे कातडी वर करून ठेवा आणि ताटातला रसही ओता.

रस तुकड्यांच्या निम्म्या उंचीपर्यंत यावा, फार तर दोन तृतीयांश. कमी वाटला तर अर्धी वाटी पाणी. चिकन बुडेपर्यंत पाणी ओतण्याची आपली सवय इथे आडवी येते. बुडवलं की कातडी लिबलिबीत होते आणि रस पातळ राहतो. झाकणाला बोटभर फट ठेवा आणि आच इतकी मंद करा की इकडे-तिकडे एखाद-दुसराच बुडबुडा दिसेल. खळखळ उकळलं तर मांस आक्रसून चिवट होतं. ३५ ते ४० मिनिटं असंच राहू द्या. मशरूम शेवटच्या दहा मिनिटांत घाला.

शिजलं की नाही ते बघायला सुरीचं टोक मांडीच्या जाड भागात, हाडाजवळ घाला. लोण्यात जावी तशी गेली पाहिजे. स्वयंपाकाचा थर्मामीटर असेल तर ७४ अंशांना चिकन खायला सुरक्षित होतं, पण लेग पीस तिथे थांबवू नका. मांडीतल्या चिवट धाग्यांचं जेलाटिन व्हायला ८० ते ८५ अंश आणि वेळ दोन्ही लागतं. मांस मऊ होतं आणि रसाला चकाकी येते, ती त्यामुळेच.

कुकरचा मोह टाळा. ब्रॉयलर कोंबडी दोन शिट्ट्यांत हाडापासून सुटून रसात विरघळते, आणि झाकण बंद असल्यानं रस आटतच नाही.

८. शेवटची दहा मिनिटं

चिकन काढून घ्या. रस मोठ्या आचेवर चार-पाच मिनिटं आटवा. उलथनं बुडावरून ओढलं की मागे क्षणभर रेघ राहिली पाहिजे. अंगाबरोबर रस हवा, भातावर ओतायचा रस्सा नको. ऑलिव्ह आधी पाण्यात खळबळून घ्या, कारण बरणीतलं पाणी खारट असतं, आणि आता घाला. चिकन परत ठेवा. मग चव बघा, आधी नाही. मीठ लागलंच तर आत्ता घाला. एक चमचा व्हिनेगर घातलं की चव उजळते. गॅस बंद करून झाकण न ठेवता दहा मिनिटं थांबा.

बिघडलं तर

रस फार आंबट झाला तर टोमॅटो कच्चा होता. अर्धा चमचा साखर आणि एक चमचा लोणी घाला, आणि मग शेवटचं व्हिनेगर वगळा. खारट झालं तर ते बहुतेक ऑलिव्हमुळे. अर्धी वाटी बिनमिठाचा टोमॅटो घालून पाच मिनिटं उकळा. पांचट लागलं तर भाजणं कमी पडलं, आणि त्यावर आता पक्का उपाय नाही. रस अजून आटवा आणि लोण्यात वेगळी परतलेली चमचाभर टोमॅटो पेस्ट त्यात मिसळा, थोडा फरक पडतो.

गावठी कोंबडी असेल तर

चव जास्त, वेळही जास्त. मांस घट्ट असल्यानं भाजणं तसंच, पण मंद आचेवर दीड ते दोन तास आणि अधूनमधून थोडं पाणी. हा रविवारचा बेत. कामाच्या दिवशीच करायची तर स्टीलच्या कुकरमध्ये एक शिट्टी काढून मंद आचेवर पंधरा-वीस मिनिटं ठेवा, वाफ जिरली की झाकण काढून रस आटवा.

व्हिनेगरचं रूप

भाजण्यापर्यंत सगळं तसंच. मग कांदा-गाजर-टोमॅटो काही नाही. चरबीत दहा-बारा लसूण पाकळ्या ठेचून, रोजमेरीच्या दोन काड्या आणि एक सुकी लाल मिरची मंद आचेवर मिनिटभर. १०० मिली व्हाईट वाईन घालून आटवा, मग ६० मिली माडाचं व्हिनेगर आणि तेवढंच पाणी. चिकन ठेवून झाकणाखाली ३५ मिनिटं, मधे दोनदा पाणी बघा. शेवटी तीन-चार चमचे दाट रस उरावा. भाज्या चिरायच्या नसल्यामुळे हे वीसेक मिनिटं लवकर होतं.

सोबत आणि उरलेलं

संध्याकाळी पोदेराचा, म्हणजे पाववाल्याचा, भोंगा ऐकू आला की पोयी हा पाव घेऊन ठेवा. आतून पोकळ असल्यानं ती रस छान टिपते. जेवायच्या वेळी तव्यावर कोरडीच गरम करा. उंडे, म्हणजे कडक गोल पाव, तेही चालतात. भातच हवा असेल तर उकड्यापेक्षा साधा पांढरा बरा.

उरलेलं चिकन गोव्याच्या दमट हवेत ओट्यावर रात्रभर ठेवू नका. दोन तासांच्या आत फ्रीजमध्ये गेलं पाहिजे, तीन दिवस टिकतं. दुसऱ्या दिवशी वर चरबीचा थर धरतो. त्यातली निम्मी काढा आणि दोन चमचे पाणी घालून नीट उकळी येईपर्यंत गरम करा. एखाद-दोन तुकडेच उरले असतील तर मांस हाडावरून सोडवून रसात मिसळा आणि उकडलेल्या पास्त्यावर घाला, दोन माणसांचं दुपारचं जेवण होतं.